फांद्यांचा ऐन

११ जानेवारी २००५

शाम सरांनी ऑफिसातल्या सगळ्यात जुन्या कॉम्प्युटरवर बसवलं. झाडं बनवायचं सॉफ्टवेअरही तसंच म्हातारं! खोडाचे, फांद्यांचे, पानांचे आकडे भरायचे आणि वाट बघायची – झाड उभं राहीपर्यंत चहा पिऊन होतो. त्यातली आयती झाडं सगळी परदेशी. सरांना फार्महाउसच्या जाहिरातीत इकडची हवीत. महिन्याभरात जमलं तर नोकरी पक्की, नाहीतर शहापूरला रामराम ठोकून गावी परत.

पक्की झाली की बाबांना पहिलं सांगणार – आता शेती बास! साठी उलटली तरी शेतातल्या ऐनाच्या झाडावर चढून फांद्या तोडतात. त्या जाळून राब करायचा, मग त्या भाजलेल्या जमिनीत भाताची रोपं. माझा जीव इथे टांगणीला.

१४ जानेवारी

ऐन केला. सरळसोट खोड, वर पानांचा झुपका. हुबेहूब आमच्या शेतातला. सर पोट धरून हसले – "हे झाड आहे की बाटली घासायचा ब्रश?" रडूच आलं.

मावशीकडे परतताना उमगलं. मी ऐन पाहिला तो दरवर्षी तोडलेलाच. न तोडलेला कसा दिसतो, मला ठाऊकच नाही!

गावातल्या बाळारामच्या दुकानात फोन लावून बाबांना बोलावून घेतलं. राबाचं विचारलं. "तोडला की ऐन. तू तुजं काम बघ गो."

२ फेब्रुवारी

कॉम्प्युटर दोनदा बंद पडला. मावशीनं बाबांनी दिवाळीला दिलेल्या तांदळाचा भात केला. म्हणते, घरच्या शेतातल्या तांदळाची चवच न्यारी.

१० फेब्रुवारी

पुस्तकातलं चित्र बघून फांद्या वाढवल्या. मोठा डेरेदार झाला. सरांनी मान डोलावली – नोकरी पक्की!! मला मात्र तो ऐन वाटतच नाही. असला ऐन आमच्याकडे नसतोच. प्रिंट काढून घेतली, बाबांना हसवायला.

१३ फेब्रुवारी

पेढे घेऊन घरी. शेत टेकडीपल्याड, शिकायला बाहेर पडल्यापासून तिकडे पाय पडला नव्हता. बाबा नको नको म्हणत होते, तरी मी गेले.

ऐन उभा होता. चहूकडे फांद्या. हातातल्या प्रिंटसारखाच.

बाबा मागून आले. "तीन वर्सं झाली. नाय चढवत आता. तुला सांगितलं असतं, तर शिकायचं टाकून आली असतीस."

"मग दिवाळीचा तांदूळ?"

"बाळारामच्या दुकानातला."