नाक धरून चाखलेला मसाला

टॅम्पिनीस, सिंगापूर
सप्टेंबर २०१७

प्रिय आई,

पाकीट हातात पडल्यावर तू म्हणशील, रोज फोनवर बोलणाऱ्या पोराला कागदावर लिहायची काय अवदसा आठवली. घाबरू नकोस असं लिहिणार होतो, पण तसं लिहिलं की माणूस आधी घाबरतो, म्हणून ते खोडलं. मी धड आहे. नोकरी धड आहे. इथल्या कामाच्या पासची मुदत वाढवून मिळाली. ज्यांच्या फ्लॅटमध्ये मी खोली घेऊन राहतो त्या दमयंतीवहिनींचे मिस्टर पुण्याला निघालेत, ते स्वारगेटवरून हे तुला कुरियर करतील. फोनवर बोलता आलं असतं, पण तू फोन स्पीकरवर ठेवतेस आणि बाबा शेजारी बसून ऐकतात. शिवाय फोनवर तू मला बोलू कुठे देतेस? जेवलास का, काय जेवलास, कुणी केलं, एवढ्यात बाबांची ड्युटीवर जायची वेळ होते आणि माझं राहून जातं. बरेच दिवस राहून जातंय.

मी इथे नक्की काय करतो हे तुला कधी नीट सांगितलंच नाही. तू शेजारच्या सुलेखाकाकूंना सांगतेस, पोरगा मसाल्याच्या कंपनीत साहेब आहे. साहेब कसला! वन-नॉर्थला आमचं ऑफिस आहे, आणि तिथे मसाला म्हणजे तुझा मसाला नव्हे. चिप्सवर भुरभुरायची पावडर, नूडल्सच्या पाकिटातली पुडी, कोंबडीला चोळायचं पीठ, असलं सगळं. सकाळी मी बिनचवीचा भात, बिनचवीच्या नूडल्स, बिनमिठाचे बटाटे शिजवतो आणि लॅबवाले त्यावर आपापल्या पावडरी टाकून बघतात. दुपारी मी चाखणाऱ्यांच्या टोळीत बसतो. प्रत्येकाला वेगळं खोपटं, समोर छोटी खिडकी, वर लाल दिवा, म्हणजे रंग बघून कुणी फसू नये. अत्तर लावायचं नाही, त्या दिवशी लसूण नाही, कॉफी नाही. बारावीनंतर कॉलेजला रामराम ठोकला, कोचीला मिरीच्या गोदामात पोती उचलली, कसाबसा केटरिंगचा डिप्लोमा केला, जहाजाच्या किचनमध्ये कांदे चिरले, तेव्हा तुम्हा दोघांना वाटलं पोरगं भरकटलं. भरकटलोच होतो. पण आमच्या टोळीच्या प्रमुख ऋताताई, मूळच्या पुण्याच्या, त्यांनी माझ्यापुढे बिननावाच्या बाटल्या मांडल्या आणि मी एकेक हुंगून नावं सांगत गेलो. त्यांनी विचारलं, हे नाक कुठून आणलंस. मी म्हटलं, बार्शीहून, आईचं आहे.

या धंद्यात वारं कसं फिरतं ते तुला ऐकायला मजा येईल. इथे सध्या लोक खारवलेल्या अंड्याच्या चवीच्या चिप्ससाठी रांगा लावतात. आता माला नावाचा चिनी मसाला आलाय, त्यात आपल्या तिरफळाचा चुलतभाऊ असतो, जीभ अशी बधिर होते की दात काढायला गेल्यासारखं वाटतं, आणि पोरं हौसेने खातात. हळदीचं दूध, जे तू नाक दाबून मला पाजायचीस, ते कॅफेत लाटे म्हणून विकतात. मादागास्करला वादळ झालं तर व्हॅनिला चांदीच्या पंगतीला जाऊन बसली. उलट मिरीचं पीक व्हिएतनामात इतकं आलंय की भाव आपटला, माझ्या कोचीच्या जुन्या मालकाचं तोंड आता कसं झालं असेल याचा मी परवा एमआरटीत विचार करत बसलो आणि माझं स्टेशन गेलं. असो. मुद्द्यावर यायला मला अशी लांबची वाट लागते, तुला माहीत आहे.

तर आता नवीन वारं आहे घरगुतीचं. मार्केटिंगवाले म्हणतात, लोकांना प्रांताप्रांताची चव हवी, पाकिटावर केमिकलची नावं नकोत, आजीच्या हातचं हवं. आणि तेही कारखान्यातून, दर पाकिटात तेच. ऋताताई म्हणतात की कंपन्यांचा सगळ्यात जास्त जीव या ‘तेच’पायी जातो. धणे यंदा एका देशातून येतात, पुढच्या वर्षी दुसऱ्या, पाऊस वेगळा, माती वेगळी, आणि चव मात्र तसूभर हलता कामा नये. तेव्हा मी फुशारकी मारली. म्हटलं, माझी आई दर मे महिन्यात काळा मसाला करते, अर्धी गल्ली तिच्याकडून नेते, आणि मला कळतं तेव्हापासून तो तोच आहे. ऋताताई हसल्या, म्हणाल्या, आण की मग, नव्या लोकांना शिकवायला उपयोगी पडेल.

माझ्याकडे दोन्ही होते. गेल्या वर्षीचा उरलेला मी फ्रीजरमध्ये जपून ठेवला होता, आणि यंदाचा वहिनी मे महिन्यात माहेरहून येताना घेऊन आल्या होत्या. आमची एक पद्धत आहे. तीन वाट्या द्यायच्या, दोन सारख्या, एक वेगळी. वेगळी कुठली ते सांगायचं. कुणाला काही सांगायचं नाही, वाट्यांवर नुसते आकडे. नव्याजुन्या मसाल्यांची आमटी मी स्वतः केली, एका मापाने, एका आचेवर. मला वाटलं होतं, लोक गोंधळतील, काहीतरी ठोकून देतील, आणि मी संध्याकाळी तुला फोन करून सांगीन की तू कारखान्याला हरवलंस.

सगळ्यांनी वेगळी वाटी बरोबर ओळखली. मीसुद्धा. चाखायचीही गरज नव्हती, नाकाजवळ नेली तेव्हाच कळलं. शेजारच्या खोपट्यातल्या चिनी आन्टीने कागदावर लिहिलं होतं, मेणाचे खडू. एकाने लिहिलं, जुनं तेल. मी ऋताताईंना म्हटलं, बरोबर आहे, फ्रीजरमधला जुना झाला असणार. त्यांनी आकडे बघितले आणि कागद माझ्याकडे सरकवला. खवट होता तो यंदाचा.

मग मला आठवलं, वहिनींच्या लेकीने, ऋग्वेदाने, जूनमध्येच माझी आमटी बाजूला सारली होती. ‘अंकल, धिस वन नॉट नाइस लाह,’ म्हणाली, आणि मी तिला शिंगापुरी झालीस म्हणून चिडवलं. माझ्याही नाकाला आला होता तो वास. पण डब्यावर तुझं नाव असलं की माझं नाक न्यायाधीश राहत नाही, पोरगा होतं.

आई, मी पुष्कळ कारणं शोधली. दुकानदाराने खोबरं जुनं दिलं असेल. डबा उन्हात राहिला असेल. घाई झाली असेल. पण तू, जी वाण्याच्या पोत्यातलं खोबरं नुसतं मोडून, हुंगून त्याला परत करायचीस, ती खवट खोबरं मसाल्यात जाऊ देशील? दगडफुलाचा वास सुटलेला नाही, ते कच्चंच राहिलंय. हिंग जवळजवळ दुप्पट आहे. आणि तिखट मात्र नेमकं तेवढंच, रंग तोच, कांडपही तसंच बारीक. हे मला खटकत राहिलं. चुकायचं तर सगळं चुकायला हवं ना.

शेवटी खोलीत एकटा बसून मी दोन चमच्यांत दोन्ही मसाले घेतले. आम्हाला पहिल्याच आठवड्यात एक गोष्ट शिकवतात. नाक चिमटीत धरायचं आणि चाखायचं, म्हणजे जिभेचं किती आणि नाकाचं किती ते कळतं. मी नाक धरलं. एक चाखला, पाण्याने चूळ भरली, दुसरा चाखला. दोन्ही अगदी एकसारखे होते. परत केलं. परत तेच. आई, नाक बंद असेल तर तुझा यंदाचा मसाला गेल्या वर्षीच्या मसाल्यासारखाच आहे, काडीचाही फरक नाही. तू चुकली नाहीस. तुला जेवढं कळलं तेवढं तू बिनचूक केलंस. मी चमचा धुवायला उठलो आणि नळ सुरू करून नुसता उभा राहिलो.

तेव्हापासून मला एकेक आठवतंय आणि जे आठवतं त्याची भीती वाटते. डिसेंबरात तू इथे आलीस तेव्हा आपण पाया लेबारहून पुढे चालत गेलो होतो, डुरियनची दुकानं लागली. बाबांनी रुमाल लावला, वहिनींनी ओढणी. त्या फळाचा वास असा की एमआरटीत ते नेऊ देत नाहीत. आणि तू सरळ दुकानापाशी जाऊन विचारलंस, हा फणस कापा आहे की बरका. आम्ही किती हसलो. मी सगळ्यांना सांगत सुटलो, आमची आई वाघीण आहे. तुला तो वास आलाच नव्हता, हो ना? आणि तू आमच्याबरोबर हसलीस.

मग मी सुलेखाकाकूंना फोन केला. त्यांच्यावर रागावू नकोस, मी आडवळणाने विचारलं, त्या भोळेपणाने बोलल्या. म्हणाल्या, संक्रांतीपासून तुझ्या आईची सर्दी काही हटत नाही बघ. तिळगुळाच्या वेळी तू त्यांना हाक मारून घेतलंस आणि म्हणालीस, ‘सुलेखा, माझं नाक चोंदलंय गं, तीळ भाजले का तेवढं सांग.’ तेव्हापासून दूध तापवताना, शेंगदाणे भाजताना त्या येतात. पण मे महिन्यात त्या लेकीच्या बाळंतपणाला लातूरला होत्या. मसाला तू एकटीने भाजलास. त्यांनी हेही सांगितलं की यंदा गल्लीतल्या बायका अर्धा अर्धा किलोच नेतात, कुणी तोंडावर बोलत नाही. हे तुला माझ्याकडून कळलेलं बरं, म्हणून लिहिलं.

ऋताताईंना मी नाव न घेता विचारलं, असं कुणाचं नाक जातं का. त्यांना कळलंच. म्हणाल्या, पुष्कळदा साधं असतं, जुनी सर्दी, आत मांस वाढलेलं, औषधाने नाहीतर छोट्या ऑपरेशनने वास परत येतो. पण कधीकधी ते पुढच्या आजाराचं पहिलं पाऊल असतं, कंपवाताचं, आणि लवकर दाखवलं तर लवकर उपचार सुरू होतात. मग त्यांनी विचारलं, आईचे हात थरथरतात का? मी नाही म्हणालो. लगेच म्हणालो. आणि घरी येताना बसमध्ये आठवलं की व्हिडिओ कॉलवर तुझं चित्र हलतं म्हणून मी तुला कितीदा ओरडलोय, फोन नीट धर, फोन नीट धर म्हणून. आई, तू तेव्हा फोन नीटच धरला होतास का?

आता दुपारी तू फोन उचलला नाहीस की माझ्या डोळ्यांपुढे आपला ओटा येतो. बाबा एसटीची मुक्कामाची गाडी घेऊन गेलेले, घरात तू एकटी, शेगडीचं बटण अर्धवट फिरलेलं, आणि तुला काही कळत नाही. इथे चाखता चाखता मध्येच उठून मी तुला फोन लावतो, तू म्हणतेस, काय रे, आत्ताच तर बोललो. म्हणून आधी एक कर. हे वाचून झालं की सिलिंडरचा रेग्युलेटर बंद कर, आणि रोज स्वयंपाक झाला की बंदच करत जा. सुलेखाकाकूंना खरं सांग, त्या येताजाता लक्ष ठेवतील. सोलापूरच्या नाक-कान-घशाच्या डॉक्टरांकडे जायचं आहे, आणि ते म्हणतील तर मेंदूच्या डॉक्टरांकडेही. एकटीने नाही. मला दिवाळीआधी रजा मिळतेय, मी सोबत येतो. दिवाळीसाठी कुणी मसाला मागितला तर नाही म्हणू नकोस. भाजायचं तू, वास मी बघतो.

हे पत्र मी लिहिलं ते एवढ्यासाठी की तुला हे कुणापुढे कबूल करावं लागू नये. ज्या बाईचं नाक गल्लीत वाखाणतात तिने काय म्हणून सांगत फिरायचं? बाबांना मी अजून काही बोललो नाही. ते तुझ्या हातचं काहीही गोड मानून खातात, त्यांच्या कधी लक्षात येणार नाही, आणि तू त्यांना सांगणार नाहीस, हेही मला माहीत आहे. म्हणून असं करू. हे मिळाल्यावर जो रविवार येईल त्या दिवशी मी सकाळी फोन करीन. बाबांची सुट्टी असेल, ते शेजारी बसलेले असतील, फोन स्पीकरवर असेल. मी नेहमीसारखं विचारीन, आई, सर्दी कशी आहे? तू जेवलास का म्हणू नकोस, विषय बदलू नकोस. फक्त ‘आहे अजून’ म्हण. एवढंच. पुढचं बाबांना मी सांगतो.

तुझाच,
प्रताप