टेपवरचा गोंगाट

अलेप्पो, १२ नोव्हेंबर २०२२

लाडक्या लमीसला ताईचे खूप पापे.

इकडे सगळं ठीक. वीज येते-जाते. डाळिंबाचा पाक काढलाय, शेजारचा वसीम तिकडे येतोय, त्याच्याबरोबर एक बाटली पाठवते. तू मागितलेली बाबांच्या गाण्याची टेप मात्र पाठवत नाही.

तू लिहितेस, ‘ताई, सिडनीत एक जण जुन्या टेपा स्वच्छ करून देतो. मधला गोंगाट काढला की बाबांचा आवाज कसा मोकळा होईल. माझ्या मुलांना ऐकवता येईल.’ वाचून आधी हसू आलं, मग रागच आला. गोंगाट? बाईसाहेबांचे कान तिकडे जाऊन इतके नाजूक झाले?

बाबांनी सूर लांबवला की जो ‘आह!’ उठतो तो तांबट अबू नज्मचा. पडद्याआडून ‘जियो माझ्या राजा’ म्हणते ती आई. चार लोकांत नवऱ्याला असं म्हणायची मुभा तिला गाण्यातच होती. समोरून दाद आली नाही तर बाबा पुढची ओळच घेत नसत, विसरलीस? बैठकीतली ती माणसं काढून टाकलीस तर उरेल काय?

शिवाय एक बारीक आरोळी आहे. सगळे गप्प असताना, भलत्याच जागी, मोठ्यांसारखी दाद, ‘अल्लाह!’ मग हशा. ती तू, पाच वर्षांची. तू रडायला लागलीस, तेव्हा बाबा गाणं थांबवून म्हणाले, “हसू नका रे. तिला पुढचं आधीच ऐकू आलंय.”

लमीस, बाबा बरे आहेत असं मी फोनवर म्हणते ते खोटं आहे. जेवण सुटलंय. डॉक्टरांनी हात टेकलेत. आई गेल्यापासून ते गायलेच नाहीत. वीज आली की खुणेनं टेप लावायला सांगतात. आई बोलते तिथे डोळे मिटून घेतात. पण टेप पुन्हा पुन्हा मागे घ्यायला लावतात ती तुझ्या जागेसाठी. काल म्हणाले, “थांब. आता लमीस येईल.” आणि मी वेडी, दाराकडे पाहिलं.

आईच्या वेळी तू आली नाहीस. तेव्हा मी गप्प बसले. पण राग आला होता, अजून आहे.

मुलांना ऐकवायचंय ना? मग त्यांना घेऊन ये, लवकर ये. बाबा दोन ओळी गातील, कदाचित नाहीही गाणार. तू भलत्या जागी ओरडलीस तरी चालेल. आता हसायला कुणी उरलेलं नाही.

तुझ्यावर रागावलेली, तुझीच वाट पाहणारी,
सुहैरताई