आमच्या अल्बममधील नवव्या गाण्याची व्यवस्था

मी, खाली सही करणार, वय एकेचाळीस, धंदा लिफ्ट दुरुस्ती, उद्या सकाळी हृदयाच्या शस्त्रक्रियेसाठी दाखल होत आहे. डोके ठिकाणावर आहे. भीती वाटते आहे, पण कुणाचा दबाव नाही. हे मृत्युपत्र मी माझ्या मर्जीने लिहीत आहे.

१. राहत्या दोन खोल्या थोरल्या ताईच्या. दाजी आमच्या रॅपला बडबड म्हणत आले. त्यांनी ऐकावे अशी सक्ती नाही; मात्र ताई ऐकत असताना टीव्हीचा आवाज वाढवू नये.

२. मायक्रोफोन आणि हेडफोन आमच्या रॅप ग्रुपमधल्या, सगळे जिला गोगलगाय म्हणतात तिला. ती बोलायला लागली की समोरच्याचा चहा निवतो, पण तालावर उभी राहिली की श्वास घ्यायला विसरते.

३. आमचा पहिला अल्बम पुढच्या महिन्यात निघतो आहे. त्याला सहा वर्षे लागली. लिफ्टच्या मोटरची घरघर आणि दारांचे आपटणे यांवर मी ताल बांधले, शब्द बहुतेक मास्तरचे. तो शाळेत गणित शिकवतो. दहा गाण्यांपैकी नऊ गाण्यांतला माझा हक्क मास्तर आणि गोगलगाय या दोघांना समान. नववे गाणे वगळून.

४. ते गाणे माझ्यासोबत काम करणाऱ्या जोडीदार मिस्त्रीवर आहे. चार वर्षांपूर्वी तो लिफ्टच्या खड्ड्यात काम करत असताना लिफ्ट खाली आली. साहेबांनी कागद पुढे केला: मयताने खड्ड्यात उतरण्यापूर्वी लिफ्टचा स्विच बंद केला नव्हता. खरे तर लिफ्टचा ब्रेक निसटतो हे मला ठाऊक होते. मी सही केली. नोकरी टिकली.

गेल्या रविवारी मास्तर म्हणाला, "हे गाणं काढ. कंपनी आपल्याला कोर्टात खेचेल."

"त्यात नाव कुणाचंच नाही."

"ज्याला कळायचं त्याला कळेल."

"कळावं म्हणूनच केलंय!"

गोगलगाय आयुष्यात पहिल्यांदा भरभर बोलली. "मग गाण्यात कशाला लपतोस? जिचा नवरा गेला तिला जाऊन सांग."

५. ~~नववे गाणे वगळल्यास अल्बम निघू नये.~~ हे वाक्य मी स्वतः खोडले असून शेजारी सही केली आहे. मास्तर, तुझी भीती खोटी नाही. नवव्या गाण्याचा संपूर्ण हक्क जोडीदाराच्या पत्नीला, म्हणजे वहिनींना.

६. आज दुपारी त्यांच्या इस्त्रीच्या दुकानात गेलो. त्यांनी उभ्यानेच गाणे ऐकले आणि हेडफोन काढला.

"ताल चांगलाय, भावजी. आता बिनतालाचं सांगा."

मी सांगितले. त्यांनी इस्त्री बंद केली.

"चार वर्षं लोक म्हणाले, तुझ्याच माणसाची चूक. मीसुद्धा त्याच्यावर चिडले होते. पुरावा आहे?"

मी पिशवीतून माझी कामाची वही काढली. अपघाताच्या पंधरा दिवस आधीची नोंद, 'ब्रेक निसटतो', खाली साहेबांची सही.

"गाण्याचं नंतर बघू," वहिनी म्हणाल्या. "आधी हे लिहून द्या."

७. ती वही आणि माझा सहीचा जबाब आज वहिनींच्या ताब्यात दिला आहे. वरील बाकी सर्व माझ्या मृत्यूनंतर लागू होईल. हे कलम आजपासून. उद्या वाचलो, तर त्यांच्यासोबत पोलीस ठाण्यात जाऊन हेच तोंडाने सांगेन.

लिहिणार: लिफ्ट मिस्त्री (सही)

आमच्या डोळ्यांदेखत त्यांनी सही केली, त्यांच्या डोळ्यांदेखत आम्ही:
साक्षीदार १: शेजारचे शिंपी (सही)
साक्षीदार २: खालच्या मजल्यावरच्या डॉक्टरीणबाई (सही)

स्थळ: राहते घर
दिनांक: ११ मार्च, सायंकाळी पाच