होडीवरची खूण

आदेलिनोदादा,

काल थेटरात लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. सिनेमा मीच लिहिलेला, त्यातला कोळीही मीच. होडी पेटते तिथे शेजारची बाई रडली. ती बाबांची होडी होती, दादा. चार दिवसांत परत आणतो म्हणून तुझ्याकडून नेलेली.

दर रविवारी तू फोनवर विचारतोस, "काय रे हिरो, होडी कधी आणतोस? का तीही लिस्बनला जाऊन आम्हाला विसरली?" मी म्हणतो, डागडुजी चाललीय. खरं तर जाळायला नकली होडी तयार होती. मलाच ती पटली नाही.

आपल्या पोव्हुआ गावात होडीवर कोरायची नि सहीलाही चालणारी बापाची खूण धाकट्याला जशीच्या तशी मिळते, कारण म्हातारपणी आईबापांजवळ तोच राहतो. थोरल्याच्या खुणेला एक रेघ जास्त. पण राहिलास तू. बाबांना शेवटी घास भरवलेस तू.

बाबांची खूण कोरलेली होडीची फळी माझ्याकडे आहे. आज तिच्यावर चाकूने तुझी रेघ ओढली. पाठवणार होतो. पण तू एकच विचारशील, "होडी पेटवायच्या आधी फळी काढलीस, म्हणजे नेतानाच ठरवलं होतंस ना?"

हो, दादा.

सहीत बाबांची खूण काढायला हात धजत नाही. नुसताच,
झेफेरीनो