नायिकेच्या बोटातली अंगठी

मी, मालिकांच्या सेटवरचं सामान सांभाळणारा, सगळ्यांचा कपाटकाका, वय एकाहत्तर, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दबावाविना हे लिहून ठेवत आहे. बायको शेजारच्या खोलीत आहे. तिला दबाव धरू नये.

१. दोन खोल्यांचं राहतं घर आणि बँकेतली ठेव बायकोला.

२. हत्यारांची पेटी भाचीला. तिच्या नवऱ्याला साधा स्क्रू पिळता येत नाही. त्याने वाईट वाटून घेऊ नये.

३. दिग्दर्शकाला काहीही नाही. "काका, एका दिवसापुरती," म्हणत त्यांनी अकरा वर्षं अंगठी ठेवून घेतली.

खुलासा: नायिकेच्या लग्नाच्या शूटिंगला नकली अंगठी सापडेना. ती माझ्याच शर्टाच्या खिशातून धुलाईला गेली होती, हे आज प्रथमच कबूल करतो. बायकोने भांडी घासताना ओट्यावर काढून ठेवलेली अंगठी मी न विचारता उचलून नेली. ती पडद्यावर जवळून दिसली आणि मग बदलता येईना.

मालिकेत नायिकेचा पहिला नवरा परदेशी गेला. नायिका दोन वर्षं अंगठी फिरवत त्याच्या फोनची वाट पाहत बसली. मग डॉक्टर आला. त्याच्यासमोर ती हात पाठीमागे लपवायची. "आधी ती काढ," तो म्हणाला, तेव्हा तिने त्यालाच दार दाखवलं. शेवटी शेजारचा सुतार. त्याने अंगठीबद्दल अवाक्षर काढलं नाही. "बसवू का?" विचारून दाराची बिजागरी बसवली, चहा प्यायला. त्याच भागात तिने अंगठी आपणहून खणात ठेवली.

घरी बायको रोज म्हणायची, "तिचा एक पळाला, एक रुसला, तिसरा आला. माझा एकच, आणि बोट माझंच उघडं!"

४. मालिका संपली, अंगठी मागच्या आठवड्यात हाती आली. ती माझी नसल्यामुळे मृत्युपत्रात कोणाला देता येत नाही. सबब, सह्यांपूर्वी साक्षीदारांसमोर बायकोला परत केली.

"घालशील का?" मी विचारलं.

"अगंबाई, विचारलंत? सुताराकडून शिकलात वाटतं."

अंगठी पेरावर अडली. तिने ती करंगळीत घातली आणि दोन्ही साक्षीदारांना चहा विचारला. मला विचारला नाही, आणून दिला.

ठिकाण: स्वयंपाकघरातलं टेबल
दिनांक: सात मार्च
सही: कपाटकाका

साक्षीदार:
१. मेकअपदादा. सही माझ्यासमोर झाली.
२. संकलक ताई. सही माझ्यासमोर झाली. अंगठी तीच आहे, अकरा वर्षं रोज पाहिली आहे. या बोटात जास्त शोभते.