तुझ्या दारात उतरलेल्या धवलारणी

प्रिय सुंदरमावशी,

काल तुझा दहावा झाला. पाहुणे गेले, भांडी घासून झाली, तुझा मुलगा प्रकाशही आज कामावर गेला. माझं मात्र सगळं त्या रविवारच्या सकाळीच अडकलंय. डोळ्यांतून टिपूस नाही. आई म्हणते, "बोल काहीतरी, अशी गप्प नको बसूस." पण ज्या बाईशी बोलायचं तीच नाही! म्हणून लिहितेय.

अशी जातात का गं माणसं? आदल्या संध्याकाळी पाहुण्या बायांच्या जेवणावरून तू फोनवर मला दटावत होतीस, "भाजीबिजी नको गो! खाडीवरच्या बाया त्या, त्यांना निवट्यांचं कालवण लागेल!" हा आवाज बारा तासांत बंद होतो?

तू धवलारीण. आपल्या आगरी लग्नात हळदीपासून माळ पडेपर्यंत एकेक विधी धवला गाऊन लावणारी. लहानपणी तुझा पदर धरून मी किती मांडव फिरले! तुझ्या मागे गाताना चुकले की दंडाला चिमटा काढायचीस. मग मांडवात डीजे आला, भटजी आले आणि तुझी बोलावणी आटली. कोन गावातल्या घरात ओटीवर तांदूळ निवडत तू एकटीच गुणगुणायचीस. "आता कोन ऐकतंय?" म्हणायचीस.

माझंही तेव्हा तसंच होतं. द्रोणागिरीच्या गोदामातलं कंत्राट संपलेलं, आणि मी करंजाड्याच्या खोलीत दिवसभर नोकरीच्या जाहिराती बघत बसायचे.

एकदा शेजारच्या हळदीत तू गायलीस, मी तुझा व्हिडिओ काढला आणि तुला न विचारता फेसबुकवर टाकला. किती चिडलीस! "माजा आवाज बाजारात मांडलास?" बोलणंच टाकलंस माझ्याशी. शेवटी मी एक कॉमेंट मोठ्याने वाचली. उरणकडच्या एका मुलीने लिहिलं होतं, "माझी आजी यमुनाबाईपण हेच गाते. ती विचारतेय, ही बाई कुणाची?"

तुझ्या हातातलं सूप तसंच राहिलं. "म्हंजे अजून हायत कोनी?"

होत्या की! उरणला, पेणला, अलिबागच्या गावांत. कुणाची नात, कुणाची सून मोबाइल धरून बसलेली. आपला ग्रुप झाला. तुला लिहिता येत नव्हतं, मग काय, तू आवाजच पाठवायचीस. यमुनाबाईंशी तर भांडायचीस! हळद आधी की तेल आधी, यावरून तुम्ही आठवडा काढलात. कधी तोंड पाहिलं नव्हतं एकमेकींचं, तरी तू "माजी यमुना" म्हणायचीस.

बोलावणी परत सुरू झाली. एका कॉलेजाने पोरांना शिकवायला नेलं, तर तू खुर्ची सोडून सतरंजीवर बसलीस आणि साऱ्या पोरांना खाली बसवलंस! आणि मला? तुझे व्हिडिओ बघून एका बाईंनी विचारलं, "हे शूट कुणी केलंय? आमच्याबरोबर काम कराल?" गावोगावची गाणी रेकॉर्ड करायची नोकरी! अशी नोकरी असते हेच मला ठाऊक नव्हतं. तू मात्र अख्ख्या कोन गावाला सांगत सुटलीस, "आमची सारिका पिच्चर काढते!"

आणि मग तो रविवार. ग्रुपमधल्या सगळ्या पहिल्यांदा भेटणार होत्या, तुझ्याकडे. मी सकाळीच आले, तर तू छाती चोळत होतीस.

"चल, डॉक्टरकडे जाऊ."

"गॅस हाय गो. सोडा आन जा."

"मावशी, चल ना!"

"आज? आज माज्या बाया येतायत!"

याचा राग आहे मला तुझ्यावर. डॉक्टरकडे तेव्हाच का नाही आलीस? थांबल्या नसत्या का त्या? मी सोडा घेऊन आले तेव्हा तू भिंतीला टेकून बसली होतीस. हातात फणी, अर्धी वेणी सुटलेली. डॉक्टर आले आणि त्यांनी नुसती मान हलवली.

रडारडीत कुणालाच सुचलं नाही. माझ्या हातात फोन होता, फोनमध्ये अख्खा ग्रुप होता, पण 'येऊ नका' एवढं कळवायचं मला सुचलं नाही! दारात टेम्पो थांबला. नऊवार नेसलेल्या, गजरे माळलेल्या बाया हसत हसत उतरल्या. एकीचा आवाज ऐकला आणि यमुनाबाई ओळखल्या.

"कुठं हाय माजी सुंदर? ये भायेर, आज तोंडावर सांगते तुला, तेलच आदी!"

मी दारात उभी. त्यांनी माझ्या खांद्यावरून आत पाहिलं.

एकेकीने केसांतला गजरा काढला. यमुनाबाई तुझ्याजवळ बसल्या, तुझ्या गालावरून हात फिरवला. "अशी भेटतेस व्हय गो?"

शेजारची कुणी म्हणाली, तिच्यासाठी काहीतरी गा. यमुनाबाईंनी मान हलवली. "धवला लग्नाचा. मयताला नाय गात."

त्यांनीच तुझी राहिलेली वेणी घातली. सगळ्या गाणाऱ्या बाया, आणि घरात बांगड्यांचाच काय तो आवाज! ती किणकिण अजून माझ्या कानांतून जात नाही.

काल दहाव्याला त्या परत आल्या. तेवढ्यात करंजाड्याच्या त्या मुलीच्या वडिलांचा फोन आला, जिच्या लग्नात धवला गायचं तू कबूल केलं होतंस. बिचारे चाचरत होते. मी 'दुसरं कुणी बघा' म्हणणार, तर यमुनाबाई मध्येच बोलल्या, "सांग त्यांना, मी येन. पन हितल्या चाली तिच्या, त्या तुला ठाव. तू माज्या मागं सूर धरशील."

"मी? मी तर नेहमी मोबाइलच्या मागे!"

"मंग आता पुढं हो."

मावशी, मी जाईन. मांडवात त्यांच्या शेजारी उभी राहीन. आवाज कापला तरी माळ पडेपर्यंत थांबणार नाही, हा माझा शब्द. चुकले तर दंडाला चिमटा काढायला तू नसशील, हे मात्र अजून मला खरंच वाटत नाही गं.

तुझीच पोरगी,
सारिका