कट म्हणायचं राहिलं

तीर्थरूप मामांस,

वाकून नमस्कार. (कॅमेरा वागवून पाठ धरली आहे, त्यामुळे हल्ली वाकलेलाच असतो. साष्टांग भेटीत घालीन.) गुडघा काय म्हणतो? मामी गेल्यावर स्टुडिओला कुलूप लावलंत आणि आता उंबऱ्याबाहेरही पडत नाही, असं मावशी सांगते. मला ते मुळीच पटलेलं नाही, पण तुमच्यापुढे बोलायची छाती कोणाची?

तर माझा पराक्रम ऐका. बावीस वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांना उजेड पुरवला. (पडद्यावर माझं नाव येतं तेव्हा लोक खुर्च्या शोधत असतात.) आता स्वतःचा सिनेमा करतोय, तुमच्यासारख्याच एका फोटोग्राफरचा. दिग्दर्शक मी, कॅमेऱ्यामागेही मीच. पहिल्याच दिवशी नटाने संवाद संपवला. खिडकीतून उजेड असा काही सुरेख उतरला होता की मी कॅमेऱ्याला डोळा लावून, सवयीप्रमाणे, दिग्दर्शक 'कट' म्हणायची वाट पाहत राहिलो. कोणी म्हणेचना! मनात म्हटलं, काय माणूस आहे, झोपला की काय? अहो, तो माणूस मीच की! सहायक मुलगी आ वासून माझ्याकडे बघतेय, आणि नट बिचारा नुसता कुठवर उभा राहणार? त्याने स्टूल पुसलं, पडदा सारखा केला, मान खाजवली, आणि शेवटी रिकाम्या स्टुलाकडे बघून म्हणाला, "हनुवटी जरा खाली." मामा, हे तर तुमचंच वाक्य! गिऱ्हाईक यायच्या आधी लाइट जमवायला तुम्ही मलाच स्टुलावर बसवायचात. मी शाळा बुडवून मख्खासारखा बसायचो, आणि मामी आतून ओरडायची की अहो, पोराला निदान पापणी तरी लवू द्या. माझं सगळं शिक्षण तिथेच झालं हो. पुढे कॉलेजात शिकलो ती नुसती यंत्रांची नावं.

त्या फसलेल्या सात मिनिटांतच सिनेमा खरा वाटतो, असं एडिटर बाई म्हणतात. (बाकीचा कसा वाटतो, ते विचारायचं धाडस झालं नाही.)

तुमचा,
पापणी न लवणारा भाचा

ता. क. एक शॉट अडला आहे. चेहऱ्यावरचे डाग झाकायला निगेटिव्हवर बारीक ब्रश फिरवणारे, तुमच्यासारखे हात हवेत, अगदी जवळून. नटाचे हात लोण्यासारखे मऊ. एक दिवस याल? हात थरथरतात ही सबब चालणार नाही, मला तसेच हवे आहेत.

ता. क. दुसरा. लपवून काय करू? हातांचा शॉट परवाच झाला, नटाच्याच हातांवर, आणि झकास झाला. गाडी मात्र रविवारी सकाळी दहाला तुमच्या दारात उभी राहील. या हो मामा.